खलनायकाचे ऋण

रावण दुबळा दाखविला, तर रामाचा पराक्रमही उणा पडतो. दैत्य गर्जत रंगमंचावर आल्यावाचून दशावतारातील देवाच्या विजयालाही रंग चढत नाही. मात्र प्रयोग संपला की, हार पडतो तो नायकाच्याच गळ्यात. चित्रपटसृष्टीची रीत याहून निराळी नाही. हाँगकाँगच्या कुंग-फू चित्रपटांतील नट शिह किएन यांची कारकीर्द या अन्यायाची साक्ष देते.

जिंगवू या प्रख्यात संस्थेत युद्धकलेचे रीतसर शिक्षण घेतलेला हा नट. दक्षिण चीनमधील लोकविख्यात वैद्य व युद्धकलाचार्य वाँग फेइ-हुंग यांच्यावरील चित्रपटमाला १९४९ साली सुरू झाली. त्यात नायक क्वान ताक-हिंग आणि त्यांच्यासमोर उभा ठाकणारा दुर्जन बहुधा शिह किएन. नायक तोच, खलपुरुष तोच, पराभवही ठरलेला. तरीही प्रेक्षक वर्षानुवर्षे येत राहिले. लोकांनी किएन यांच्या नावालाच 'दुष्ट' हे उपपद जोडून टाकले. नटाला याहून मोठी पावती कोणती?

१९७३ साली 'एंटर द ड्रॅगन' आला. ब्रूस ली बत्तिशीचा, किएन साठीचे. असे असूनही आरशांच्या दालनातील ते द्वंद्व कोणास विजोड वाटले नाही. प्रहार करणाऱ्याचे कौशल्य सर्वांना दिसते. तो प्रहार खरा वाटावा अशा रीतीने झेलणाऱ्याचे कौशल्य कोणी पाहत नाही. त्या चित्रपटात तर त्यांचा आवाजही त्यांचा नव्हता. इंग्रजी संवाद की ल्यूक या दुसऱ्या नटाने म्हटले. जगाने चेहरा पाहिला; नाव किती जणांनी लक्षात ठेवले? हाँगकाँगच्या चित्रपट पुरस्कार सोहळ्यात त्यांच्या व्यवसायनिष्ठेचा गौरव झाला तो २००३ साली, वयाच्या नव्वदीत.

३ जून २००९ रोजी ते निवर्तले. त्यानंतर सहा आठवड्यांच्या आतच, १३ जुलैला, आपले निळू फुले गेले. पडद्यावरील त्यांच्या दुष्टपणाने स्त्रिया भयभीत होत. प्रत्यक्षात तो राष्ट्र सेवा दलाच्या संस्कारांत वाढलेला निर्मळ माणूस होता. या दोघांची भाषा वेगळी, भूमी वेगळी. परंतु दोघांनीही जन्मभर दुसऱ्याच्या विजयासाठी पराभव पत्करला.

अशी माणसे गावोगावच्या नाटकमंडळ्यांतही आहेत. त्यांची नावे, भूमिका आणि आठवणी आमच्या सांस्कृतिक संस्थांनी त्यांच्या हयातीतच टिपून ठेवाव्यात. हे उपकार नव्हेत. ती ऋणाची परतफेड आहे. नव्वदीची वाट पाहून केलेल्या सत्कारात आदरापेक्षा विलंबच अधिक दिसतो.