आमचे दहा टक्के

दिवाळीच्या आधीची गोष्ट. रात्रीचे साडेनऊ. मांडीवर लॅपटॉप, बाजूला अर्धी खाल्लेली मॅगी, कानात हेडफोन आणि पलीकडून आईचा फोन. (टिपिकल पुण्यातला आयटीवाला सीन. तुमचाही साधारण हाच असणार!)

‘‘बाबांचं चालणं झालं का?’’ मी नेहमीचा प्रश्न टाकला.

‘‘चालून राह्यले ना. हॉलमंधी. टीव्हीपासून देवघरापर्यंत चौदा पावलं होतात. चौदा जायचे, चौदा यायचे. मले तं पाहूनच चक्कर येते बाप्पा!’’

मी खो खो हसलो. फोन ठेवला आणि मग मात्र ते चौदा पावलांचं प्रकरण डोक्यातून जाईना.

बाबांची मागच्या वर्षी अँजिओप्लास्टी झाली. डॉक्टरांनी बजावलंय, रोज चाळीस मिनिटं चालायचं, नो एक्स्क्यूज. बाबा म्हणजे रिटायर्ड मास्तर, सांगितलेला होमवर्क करणारच. सुरुवातीला ते रस्त्यानं जायचे. पण आमचं वरूड पडलं संत्र्याचं गाव. गावच्या रेल्वे स्टेशनचं नावसुद्धा ‘वरूड ऑरेंज सिटी’! आंबिया बहाराची संत्री तोडायला आली की रस्त्यावर ट्रक, मेटॅडोर आणि ट्रॅक्टरचं राज्य. फुटपाथ नावाची चीज नाही. एका संध्याकाळी एक मोटरसायकल बाबांच्या कोपराला घासून गेली. लागलं काही नाही, पण तेव्हापासून वॉक घरात!

आता तुम्ही विचाराल, घराजवळ बाग नाही का? आहे की! म्हणजे... नकाशात आहे.

तालुक्याच्या गावातून आलेल्यांना ‘ले-आउट’ समजावून सांगायला नको. बाकीच्यांसाठी शॉर्टमध्ये सांगतो. गावाबाहेरचं एखादं शेत एन.ए. होतं, चुन्याच्या रेघा मारून त्याचे प्लॉट पडतात, कुठल्या तरी देवाच्या नावापुढं ‘नगर’ लागतं आणि मधोमध एक तुकडा सुटतो. त्याचं नाव ‘ओपन स्पेस’. आमच्याकडे आजीसुद्धा हाच शब्द वापरते. ‘‘पोट्टे ओपन स्पेसमंधी गेले,’’ असं.

हा तुकडा कुणी मेहरबानी म्हणून सोडत नाही बरं का. आपल्या राज्यात ०.४ हेक्टर, म्हणजे साधारण एक एकर किंवा त्याहून मोठ्या जमिनीचा ले-आउट पाडायचा, तर दहा टक्के जागा खेळा-करमणुकीसाठी मोकळी सोडावीच लागते. २०२०च्या एकत्रित बांधकाम नियमावलीतही हा नियम आहे. त्या जागेवर बांधायला थोडी मुभा आहे, पण तीही मुख्यतः खेळ आणि करमणुकीच्या कामांसाठी.

आमचा ले-आउट दोन एकरांचा. दोन एकर म्हणजे ८० गुंठे, त्याचे दहा टक्के ८ गुंठे, म्हणजे ८,७१२ चौरस फूट. एवढी चौकोनी जागा धरली तर कडेनं एक चक्कर होते साधारण ११४ मीटरची. नऊ चकरा मारल्या की एक किलोमीटर! बाबांच्या होमवर्कला अजून काय पाहिजे? ना ट्रक, ना मोटरसायकल.

मी सहावी-सातवीत असताना त्याच जागेवर क्रिकेट खेळायचो. बोअरचा पाइप हा आमचा स्टंप. पाइपाला बॉल लागला की ठणठण आवाज यायचा, त्यामुळे आउटवरून भांडण हा प्रकारच नव्हता. थर्ड अंपायरपेक्षा बेस्ट!

आज तिथं काय आहे? एक अर्धवट जोतं. त्यातून वर आलेल्या गंजक्या सळया. आणि उरलेल्या जागेत मंडप डेकोरेशनवाल्याचे बांबू, पाइप, ताडपत्र्या.

झालं असं, की तीन वर्षांपूर्वी ले-आउटमधल्या काही मंडळींनी तिथं सभागृह बांधायचं ठरवलं. त्यांचं म्हणणं अगदीच चूक नव्हतं. साखरपुडा असो, बारसं असो की तेरवी, मंगल कार्यालयाचं भाडं परवडत नाही, घरचा हॉल असला तर सगळ्यांचंच काम होतं. मग सगळ्या प्लॉटधारकांच्या संमतीच्या सह्या गोळा झाल्या, वर्गणी जमली, जोतं उभं राहिलं, पैसे संपले. विषय तिथंच लटकला.

आणि आता कबुलीजबाब. त्या संमतीपत्रावर माझीही सही आहे. प्लॉट बाबांच्या आणि माझ्या नावावर आहे. मला मेलवर कागद आला, मी दोन मीटिंगांच्या मधल्या गॅपमध्ये प्रिंट काढली, सही केली, स्कॅन करून पाठवून दिली. वाचलंसुद्धा नाही. मनात एकच हिशेब होता, हॉल झाला तर प्लॉटचा रेट वाढेल. टोटल काम, पाच मिनिटं.

इकडे पुण्यात माझ्या सोसायटीत काय काय नाही? जॉगिंग ट्रॅक, क्लब हाउस, स्विमिंग पूल. दर महिन्याला मेंटेनन्स भरतो आणि वर्षातून चार वेळा पाहुण्यांना तो ट्रॅक दाखवायला नेतो. मी ज्या ट्रॅकवर चालत नाही त्याचे पैसे देतोय आणि बाबांना जिथं चालायचंय ती जागा मी सही करून देऊन टाकली. आहे की नाही ग्रेट?

दिवाळीला घरी गेलो तेव्हा ठरवूनच गेलो होतो, बाबांना सांगून टाकायचं. लक्ष्मीपूजनाच्या दुसऱ्या दिवशी दोघंच त्या जोत्यावर बसलो होतो.

‘‘बाबा, त्या हॉलच्या कागदावर मी न वाचताच सही केली होती.’’

‘‘मले माहीत हाय,’’ बाबा म्हणाले. ‘‘तुह्या सहीच्या खाली माहीच सही हाय. म्यायी कोठी वाचलं होतं?’’

मी त्यांच्याकडे पाहिलं, त्यांनी माझ्याकडे. चाळीस वर्षं पोरांना ‘पेपर नीट वाचून मग लिहा’ सांगणारा माणूस! दोघंही एकदम हसलो. पण नंतर बराच वेळ कुणी काही बोललं नाही.

मग बाबांनी फोन काढला. मंडपवाला त्यांचा पाचवीतला विद्यार्थी निघाला. तो धावतच आला. ‘‘सर, तुमी आधी काऊन नाई सांगतलं? मले वाटलं जागा अशीच पडून हाय.’’ संध्याकाळपर्यंत निम्मे बांबू हलले, बाकीचे दुसऱ्या दिवशी. मी आणि शेजारच्या पोट्ट्यांनी गोटे वेचले, कडेनं फक्की टाकून रेघ मारली. झाला जॉगिंग ट्रॅक! त्या संध्याकाळी बाबांनी नऊ चकरा मारल्या. आई जोत्यावर बसून मोजत होती. दहाव्या मिनिटाला समोरच्या काकू येऊन तिच्याशेजारी बसल्या, मग अजून दोघी.

बॉस, आपण बाग म्हटलं की काय काय डोळ्यांसमोर आणतो... लॉन, कारंजं, रंगीबेरंगी व्यायामाची मशिन्स. पण मुंबईचं शिवाजी पार्क बघा. १९२५ मध्ये लोकांसाठी खुलं झालं, १९२७ मध्ये त्याला महाराजांचं नाव मिळालं. तिथं मुख्य काय आहे? मोकळं मैदान आणि भोवती कट्टा. तेवढ्यावर सचिन घडला आणि हजारो लोकांचं संध्याकाळचं चालणं झालं. लांब कशाला, आपल्या अमरावतीचं हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ घ्या. १९१४ मध्ये सुरू झालेल्या या मंडळाचं पथक १९३६ च्या बर्लिन ऑलिम्पिकच्या वेळी थेट जर्मनीत गेलं आणि आपले देशी खेळ जगाला दाखवून आलं. मातीतले खेळ ते. त्यांना आधी लागते मोकळी जागा आणि मग रोज येणारी माणसं.

आणि लॉन तर आमच्याकडे नकोच. संत्र्यासाठी बोअरवर बोअर मारून वरूड-मोर्शी पट्ट्यातलं पाणी कुठल्या कुठं खाली गेलंय. तिथं हिरवळीला पाणी पाजणं म्हणजे पापच. चार कडुलिंबं, मुरमाची पायवाट, दोन बाकडी आणि बायकांना सात वाजतासुद्धा यावंसं वाटेल असा एक दिवा. एवढं पुष्कळ झालं.

प्रश्न सुटला असं नाही. हॉलवाली मंडळी अजून आहेत, त्यांची वर्गणी अडकली आहे. पुढच्या महिन्यात मीटिंग आहे. मी मंजूर नकाशाच्या नकलेसाठी अर्ज केलाय. आपण सही केली म्हणून बागेचा हॉल करता येतो का, हे आता नीट वाचून समजून घ्यायचंय. एक गोष्ट वाचून धीर आला. बंगळूरमध्ये बागेसाठी राखलेली जागा खासगी नर्सिंग होमला दिली गेली होती. रहिवासी कोर्टात गेले आणि १९९१ मध्ये सुप्रीम कोर्टानं त्यांच्या बाजूनं निकाल दिला. नर्सिंग होम काही वाईट गोष्ट नाही. पण लोकांना मोकळा श्वास घ्यायला ठेवलेली जागा दुसऱ्या चांगल्या कामासाठीसुद्धा अशी काढून घेता येत नाही.

तर मंडळी, या वेळी गावी गेलात की एक काम करा. आपल्या ले-आउटची ओपन स्पेस कुठं आहे ते आई-बाबांना विचारा आणि तिथं जाऊन एक चक्कर मारून या. रिकामी जागा दिसली की कुणाला तरी काहीतरी सुचतंच. रोज चार माणसं चालताना दिसली तर नाही सुचत.

काल आईचा फोन आला होता. मी विचारायच्या आतच ती म्हणाली, ‘‘आज बारा झाल्या. तीन माह्या.’’

‘‘तुझ्या? तू कधीपासून चालायला लागलीस?’’

‘‘अरे, मोजून मोजून कटाळली ना मी!’’