मुलगी ही मालमत्ता नव्हे!



भिसेगावसारख्या ठिकाणी वकिली करणाऱ्या माणसाकडे कधी एखादा बाप येतो आणि म्हणतो, "वकीलसाहेब, पोरगी परक्या मुलाबरोबर गेली. हायकोर्टात अर्ज टाका आणि तिला परत आणून द्या." वय विचारावे तर बावीस-तेवीस! तिची इच्छा विचारावी तर उत्तर मिळते, "तिला काय कळते?" या प्रश्नाचे उत्तर मी आज देणार आहे. ते पुष्कळांना रुचणार नाही.

त्या अर्जाला कायद्यात हेबियस कॉर्पस म्हणतात. ज्याला बेकायदेशीरपणे अडकवून ठेवले आहे, त्याला न्यायालयापुढे हजर करून मोकळे करावे, एवढाच त्याचा हेतू. कलम 226 खाली उच्च न्यायालय आणि कलम 32 खाली सर्वोच्च न्यायालय असा हुकूम देते. जी तरतूद पुढे कलम 32 झाली, तिला बाबासाहेबांनी 1948 साली घटना समितीत संविधानाचा आत्मा व हृदय म्हटले होते. कोंडलेल्याचे दार उघडण्याची ही किल्ली! तिनेच आपल्या लेकीला कोंडावयाचे काय?

केरळात तसे घडले. होमिओपॅथी शिकलेल्या 24 वर्षांच्या एका तरुणीने इस्लाम स्वीकारला व विवाह केला. बापाच्या हेबियस कॉर्पस अर्जावर तेथील उच्च न्यायालयाने मे 2017 मध्ये तिचा विवाहच रद्द ठरविला आणि तिला आईबापांच्या स्वाधीन केले. या वयाची मुलगी दुबळी असते, तिला कोणीही फसवील, असा त्या निकालाचा सूर होता. कित्येक महिने ती घरात अडकून पडली. अखेर 8 मार्च 2018 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरविला. सज्ञान व्यक्तीचा धर्म आणि जोडीदार ही तिची स्वतःची निवड आहे. अशा अर्जावर न्यायालयाला विवाह मोडता येत नाही, असा तो निर्णय होता.

"यांना काय कळते? कोणीतरी फूस लावली!" धर्मांतर केलेल्या कोणत्या कुटुंबाने हे वाक्य ऐकले नाही? आपण उत्तर दिले की आम्ही सज्ञान आहोत, आमच्या बुद्धीने निर्णय घेतला आहे. मग तेच उत्तर आपल्या मुलीने दिले तर ते उद्धटपणा कसे ठरते? जातीबाहेर विवाह न करण्याच्या बंधनावरच जात उभी आहे, हे बाबासाहेबांनी 1916 सालीच दाखवून दिले. ते बंधन आपल्या उंबरठ्यावर आपणच राखले, तर आपण काय सोडले?

"पण तिला खरोखरच फसविले असेल तर?" हा प्रश्न रास्त आहे. मुलगी 18 वर्षांखालील असेल, किंवा तिच्यावर जबरदस्ती झाली असेल, तर कायदा जरूर धावून येतो. परंतु जबरदस्ती झाली की नाही, हे तिच्याच तोंडून कळले पाहिजे. म्हणूनच सर्वोच्च न्यायालयाने मार्च 2024 मध्ये सांगितले की, अशा व्यक्तीशी न्यायाधीशांनी एकांतात बोलावे, आईबापांचा दबाव तेथे नसावा आणि समुपदेशनाच्या नावाखाली तिचे मन वळवू नये. डिसेंबर 2024 मध्ये आपल्या मुंबई उच्च न्यायालयापुढे निवारागृहात ठेवलेल्या 20 वर्षांच्या तरुणीचे प्रकरण आले. तिचा परधर्मीय सोबती विवाहाच्या कायदेशीर वयाचाही नव्हता. तरीही न्यायमूर्तींनी तिची इच्छा जाणून घेऊन तिला आपल्या मार्गाने जाऊ दिले.

तेव्हा बापहो, तिला परत आणण्यासाठी कर्जतहून मुंबईची गाडी पकडण्यापूर्वी एकदा तिला भेटा. ती सुखी आहे काय, एवढेच विचारा. आणि भगिनींनो, तुम्हालाच कोणी कोंडून ठेवले तर लक्षात असू द्या की तुमचा मित्र, मैत्रीण, कोणीही तुमच्यासाठी हा अर्ज करू शकतो.

धम्म आपण स्वेच्छेने घेतला. स्वेच्छा हा शब्द घरातल्या लेकीलाही लागू आहे!