राजधानीची तिथी आणि परगण्याचे साल

कल्पित जगाचा इतिहास रचणारे ग्रंथकार पुष्कळ झाले. परंतु त्या जगाचे पंचांगही मांडून, प्रवासातल्या कोणत्या रात्री चंद्र किती कलांचा असावा याचा हिशेब जुळेना तेव्हा लिहून झालेली प्रकरणे पुन्हा हाती घेणारा ग्रंथकार विरळाच. ऑक्सफर्डचे भाषापंडित जे. आर. आर. टॉल्किन हे त्या जातीचे. त्यांची ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ ही कादंबरी 1954-55 साली तीन खंडांत प्रसिद्ध झाली, आणि तिच्या परिशिष्टात जी युगानुयुगांची सनावळी आहे, तीत शतकेच्या शतके चार-दोन ओळींत आटोपली असताना तिसऱ्या युगातील 3019 या सालाची नोंद मात्र जवळजवळ रोजनिशीसारखी चालते. त्या सालच्या 25 मार्चला दुष्ट अधिपती सॉरोनची सारी सत्ता जिच्यात सामावली आहे ती अंगठी अग्निमुखी पडते, त्याचा अंमल संपतो, आणि पुढे गोंडोरच्या राज्यात त्याच दिवसापासून वर्षारंभ धरण्याचा प्रघात पडतो. खुद्द इंग्लंडातही 1751 पर्यंत कायदेशीर वर्षारंभ 25 मार्चलाच होत असे. तेव्हा ही तिथी टॉल्किन यांनी सहज निवडली असेल असे मला वाटत नाही.

हे साल युगप्रवर्तक खरेच. माझा वाद आहे तो एवढाच, की त्याचे माप मार्चमध्ये घ्यायचे की नोव्हेंबरात. अंगठीच्या कामगिरीवर गेलेले फ्रोडो, सॅम, मेरी आणि पिपिन हे ठेंगण्या हॉबिट जमातीचे चौघे ऑक्टोबरअखेरीस आपल्या शायर मुलखात परततात, तेव्हा त्रैलोक्याचा शत्रू नाहीसा होऊन सात महिने लोटलेले असतात; तरीही नदीच्या पुलावर त्यांना कुलूपबंद दरवाजा आडवा येतो, आत मुक्कामाच्या जागी भिंतीवर नियमांची यादी टांगलेली दिसते, आणि बियर मागावी तर ती बंद झाल्याचे कळते. लोथो नावाच्या त्यांच्याच एका भाऊबंदाने तंबाखू दक्षिणेकडे विकून पैसा केला, गिरण्या, खानावळी, शेतीवाडी एकामागून एक घशात घातली, परमुलखातले गुंड पदरी बाळगले, वृद्ध महापौराला तुरुंगात टाकले आणि अंमल बसवला. जिथे पूर्वी चार परगण्यांत मिळून बारा चौकीदार पुरत, तिथे आता शेकडो झाले. धान्याची मोजदाद होऊन ते कोठारांत जाई. सर्वांना समान वाटप करण्यासाठी म्हणून गोळा केलेला हा माल पुन्हा रयतेच्या दृष्टीस क्वचितच पडे. पुढे या लोथोच्याही डोक्यावर पदच्युत जादूगार सारुमान येऊन बसला आणि मग झाडे तोडण्याला निमित्तही लागेनासे झाले.

या बंदोबस्तातला सर्वांत रेखीव प्रसंग मला लोबेलियाचा वाटतो. ही लोथोची आई: लोभी, कजाग, दुसऱ्याच्या घरातल्या चमच्यांवर डोळा ठेवणारी म्हणून गावभर कुप्रसिद्ध. पण गुंड तिच्या घराकडे छपऱ्या उभारण्याचे सामान घेऊन निघाले, तेव्हा ती छत्री उगारून त्यांच्या अंगावर गेली आणि त्यापायी तुरुंगात पडली. सुटकेच्या दिवशी ती म्हातारी हातात तीच छत्री घट्ट धरून बाहेर आली, तेव्हा जन्मात पहिल्यांदाच लोकांनी तिचा जयजयकार केला. मरताना तिने आपला पैसा बेघर झालेल्या हॉबिटांसाठी फ्रोडोच्या हवाली केला. सम्राटांच्या बखरीत अशा बाईला जागा नसते.

अखेर या गुंडांविरुद्ध हॉबिट उठले आणि 3 नोव्हेंबरला शायरमध्येच बायवॉटरची लढाई झाली. तीत एकोणीस हॉबिट पडले, जवळजवळ सत्तर गुंड मारले गेले. सॉरोनच्या मोर्दोर मुलखाच्या वेशीवरील रणकंदनापुढे ही चकमकच म्हणायची. परंतु तीत भाग घेणाऱ्या प्रत्येकाचे नाव यादीत दाखल झाले आणि शायरचे इतिहासकार ती यादी तोंडपाठ करीत. पुढच्या सालाला शायरच्या गणनेने 1420 हा आकडा येतो. सॅमने एल्फ-राणीने दिलेली माती तोडलेल्या झाडांच्या जागी कण-कण घालून नवी रोपे लावली. पीक असे आले, की त्या सालच्या जवाची बियर पुढल्या पिढीतही चांगल्या बियरची मोजपट्टी राहिली. गोंडोरचा 25 मार्च शायरने कधी पाळल्याची नोंद नाही. पश्चिम परगण्यात मात्र 6 एप्रिलला मैदानावर नाचगाण्याची चाल पडली: कोणी म्हणे तो म्हाताऱ्या सॅमचा वाढदिवस, कोणी म्हणे सॅमने लावलेल्या सोनेरी झाडाला पहिला बहर आला तो दिवस, आणि कोणी म्हणे एल्फांचे नववर्ष. लेखकाने हा वाद मुद्दाम निकालात काढलेला नाही, आणि जो इतिहास गावात जगतो त्याची अशी तीन-तीन कारणे असायचीच.

या कादंबरीवरील पीटर जॅक्सन यांच्या 2003 सालच्या चित्रपटाने अकरा ऑस्कर मिळवले, पण हे सारे प्रकरण गाळले. तेथे चौघे परततात ते जसेच्या तसे राहिलेल्या हिरव्यागार शायरमध्ये. आधीच तीन तासांहून लांबलेल्या चित्रपटाला आणखी एक लढाई पेलली नसती, ही सबब ऐकून घेण्याजोगी आहे. तथापि त्यामुळे राजधानीत निकाल लागला म्हणजे रयतेचाही लागला, असा समज प्रेक्षक घरी घेऊन जातो, आणि टॉल्किन यांना नेमके हेच म्हणायचे नव्हते. दुसऱ्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत त्यांनी या प्रकरणाला युद्धोत्तर इंग्लंडचे रूपक मानण्यास साफ नकार दिला आहे. ते कथेच्या आराखड्यात प्रारंभापासूनच होते, असे ते बजावतात आणि आपण दहा वर्षांचे होण्यापूर्वीच बालपणीचा मुलूख नष्ट होऊ लागला होता, याची आठवण देतात. ज्यांनी केवळ चित्रपट पाहिला आहे त्यांनी निदान सहाव्या भागातले आठवे प्रकरण काढून वाचावे. फ्रोडोने त्या लढाईत तलवार उपसली नाही. शरण आलेल्यांना कोणी मारू नये एवढेच तो पाहत राहिला, आणि यादीच्या शिरोभागी नावे लागली ती मेरी व पिपिन यांची.