शब्द यंत्राचा, अर्थ माणसाचा

‘रिक्षा’ म्हटले की मुंबईकराच्या डोळ्यांसमोर मीटर लावलेले तीनचाकी वाहन उभे राहते. नेरळचा घाट चढून माथेरानला पोहोचताच हा अर्थ गळून पडतो. मोटारींना बंदी असलेल्या या गिरिस्थानी रिक्षा म्हणजे माणसाने ओढायची गाडी, हाच अर्थ पिढ्यान्‌पिढ्या रूढ होता. डिसेंबर २०२२मध्ये तेथे प्रायोगिक तत्त्वावर ई-रिक्षा आल्या. ऑगस्ट २०२५मध्ये सर्वोच्च न्यायालयाने माणसाने माणसाला ओढण्याची प्रथा सहा महिन्यांत बंद करण्याचा आदेश दिला. एका शब्दाचा अर्थ असा डोळ्यांदेखत पालटला. माथेरानकराला तो कोणी समजावून द्यावा लागला नाही. परंतु भाषांतरे करणाऱ्या आणि प्रश्नांची अस्खलित उत्तरे देणाऱ्या संगणकाला तो कसा उमगणार?

संगणकाला शब्द कळत नाहीत, आकडे कळतात. प्रत्येक शब्दासाठी तो शेकडो आकड्यांची एक ओळ तयार करतो. अफाट मजकूर वाचून पुढचा वा गाळलेला शब्द ओळखण्याचा सराव करताना हे आकडे घडत जातात आणि सारख्या संगतीत वावरणारे शब्द एकमेकांच्या जवळ येतात. २०१७मध्ये गूगलच्या संशोधकांनी मांडलेल्या ‘ट्रान्सफॉर्मर’ रचनेमुळे वाक्यातील प्रत्येक शब्द इतर शब्दांच्या संदर्भात तोलणे शक्य झाले. ‘रिक्षा’जवळ ‘मीटर’ आहे की ‘दस्तुरी नाका’, यावरून यंत्र अर्थाचा अंदाज बांधते.

ही दृष्टी भारताला नवी नाही. अनेकार्थी शब्दाचा नेमका अर्थ कशाने ठरतो, याची कारणे भर्तृहरीने ‘वाक्यपदीया’त सुमारे दीड हजार वर्षांपूर्वी मोजून सांगितली. त्यांत साहचर्य आहे, प्रकरण आहे, तसेच देश आणि काल हेही आहेत. आजच्या यंत्राने साहचर्य बऱ्यापैकी साधले आहे. देश आणि काल मात्र कोणी लिहून ठेवले असतील तेवढेच त्याला ठाऊक होतात.

येथे एका गैरसमजाचा निरास करणे अगत्याचे आहे. १९८५मध्ये नासातील संशोधक रिक ब्रिग्ज यांनी संस्कृत वैयाकरणांची वाक्यार्थ उलगडण्याची पद्धत आणि संगणकासाठी ज्ञान मांडण्याची आधुनिक पद्धत यांतील साम्य एका लेखात दाखवले. त्याचा विपर्यास होऊन ‘नासाने संस्कृतला संगणकाची सर्वोत्तम भाषा ठरवले’ असे व्यासपीठांवरून सांगितले जाते. नासाने असे काही ठरवलेले नाही. पाणिनीची थोरवी स्वयंसिद्ध आहे; तिला असत्याचे ठिगळ लावण्याचे कारण नाही. त्याच्या कारकविचाराचा आधार घेऊन कानपूरच्या आयआयटीत भारतीय भाषांच्या यांत्रिक अनुवादाचे काम झाले, हा खरा वारसा होय.

मराठीसाठीही असे कष्ट झाले आहेत. ‘घोड्यावरून’ या एका शब्दात ‘घोडा’चे सामान्यरूप, ‘वर’ आणि ‘ऊन’ असे तीन घटक दडलेले आहेत. ते सुटे केल्याविना संगणकाला अर्थाकडे जाता येत नाही. मुंबईच्या आयआयटीतील भारतीय भाषा तंत्रज्ञान केंद्राने शब्दांचे अर्थसंबंध जोडणारे मराठी शब्दजाल विणले. केंद्र सरकारचा ‘भाषिणी’ हा उपक्रम २०२२पासून सुरू आहे.

तथापि, इंग्रजीच्या तुलनेत संगणकावरील मराठी मजकूर तोकडाच आहे. जेथे मराठीची साक्ष अपुरी पडते, तेथे यंत्र इंग्रजी वा हिंदीतला अर्थ पुढे करते, आणि तोही ठाम स्वरात. उद्या शेतीचा सल्ला, औषधाची माहिती, सरकारी अर्ज हे सारे या यंत्रामार्फत येऊ लागले, तर कर्जत-खालापूरच्या वाड्यांतील ठाकर वा कातकरी माणसाचे बोलणे त्याला कळेल काय? न कळल्यास त्याची किंमत यंत्र नव्हे, तो माणूस मोजेल.

दाते-कर्वे यांनी १९३२ ते १९३८ या काळात ‘महाराष्ट्र शब्दकोशा’चे सात खंड सिद्ध केले, तेव्हा त्यांच्यापाशी संगणक नव्हता, निष्ठा होती. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी मराठीला अभिजात दर्जा देण्याचा निर्णय झाला, त्याचा आनंद रास्तच आहे. पण दर्जा दिल्लीहून मिळतो, अर्थ गावातूनच यावा लागतो. आपल्या परिसरातील पिकांची, अवजारांची, वाटांची, नात्यांची नावे घरातल्या वडीलधाऱ्यांकडून विचारून, त्यांच्या अर्थासह आणि वापराच्या वाक्यासह नोंदवणे, ती विकिपीडियासारख्या मुक्त ज्ञानकोशात आणि कोशकारांपर्यंत पोहोचवणे, हे प्रत्येक सुशिक्षित कुटुंबाला जमण्यासारखे काम आहे. शाळांनी ते सुटीचा उपक्रम म्हणून हाती घ्यावे. जी पिढी हे शब्द जाणते, ती आज आपल्यात आहे, तोवरच हे काम होऊ शकते.