उन्हाळी देश, आळशी माणसं?

गेल्या महिन्यात माझा भाचा सिंगापूरहून आला होता. दुपारची जेवणं झाली आणि नेमकी वीज गेली. घामाघूम होऊन वर्तमानपत्राने वारा घेत तो म्हणाला, "मावशी, खरं सांगू? आपल्या देशाचं काही होणार नाही. या हवेत माणूस काम करणार तरी कसा? थंड देश बघ, सगळे श्रीमंत."

मी म्हटलं, "अरे, मग तुझं सिंगापूर काय हिमालयात आहे?"

भूगोल शिकवण्यात माझं आयुष्य गेलं. सिंगापूर विषुववृत्तापासून दीड अंशावरही नाही. बारा महिने घाम. तो हसला आणि म्हणाला, "तिथे एसी आहे ना! आणि तिथली संस्कृती वेगळी आहे, कामाची." वीज आली, विषय संपला, तो वामकुक्षीला गेला.

मला मात्र त्या दिवशी झोप लागली नाही. कारण तो जे म्हणाला तेच मी वर्गात वर्षानुवर्षे सांगत आले होते.

माझी शाळा ऊसपट्ट्यातली. मुलांच्या हातात एक मार्गदर्शक असे. त्यात 'उष्ण व दमट हवामानामुळे लोक ______ बनतात' अशी एक रिकामी जागा होती. उत्तर 'आळशी', गुण एक. दिवाळीनंतर कारखान्याचा पट्टा पडला की बीडकडच्या ऊसतोड कामगारांची मुलं येऊन बसत. मागच्या बाकावर, वह्या असल्या तर असल्या. त्यातल्या एकाने एकदा हात वर केला. "बाई, मग माझी आई पहाटे तीनला का उठती?"

वर्ग हसला. मीही हसले असेन. "पुस्तकात आहे ते लिही," एवढंच सांगितलं.

आता निवांत वाचायला वेळ आहे, म्हणून ही कल्पना आली कुठून ते शोधलं. फार जुनी आहे. फ्रान्सच्या माँतेस्क्यूने 1748 च्या आपल्या ग्रंथात ती ठामपणे मांडली. त्याने म्हणे मेंढीच्या जिभेचा एक भाग गोठवून पाहिला, तेव्हा तिच्यावरचे बारीक उंचवटे आकसलेले दिसले. एवढ्यावरून थंड प्रदेशातली माणसं चपळ आणि धीट, उष्ण प्रदेशातली सुस्त आणि भित्री! पुढे 1915 मध्ये अमेरिकेतल्या येल विद्यापीठातल्या एल्सवर्थ हंटिंग्टनने हवामान आणि सभ्यता यांच्यावर पुस्तकच लिहिलं. आमचा मार्गदर्शक लिहिणाऱ्याने ही नावं ऐकलीही नसतील, पण मेंढीची जीभ अशी आमच्या गावापर्यंत येऊन पोहोचली.

याचा अर्थ हवामानाला काही महत्त्वच नाही, असं मात्र मी म्हणणार नाही. महाबळेश्वरला सुमारे सहा हजार मिलिमीटर पाऊस पडतो आणि त्याच सातारा जिल्ह्यातल्या माण तालुक्यात पाचशेच्या आसपास. हा फरक कुठल्याही भाषणाने पुसता येत नाही. हिवतापाचंही तसंच. ज्या घरात पावसाळा संपता संपता माणसं थंडीतापाने पडत, त्या घराची पेरणी-कापणी कशी होणार? त्याला बाहेरून बघणारा आळस म्हणे. देशात 1953 मध्ये हिवताप नियंत्रणाचा कार्यक्रम सुरू झाला आणि तेव्हा वर्षाला सुमारे साडेसात कोटी असलेले रुग्ण साठच्या दशकाच्या मध्यापर्यंत लाखाच्या घरात आले. (नंतर पुन्हा वाढले, तो भाग वेगळा.) हवा तीच होती, डास कमी झाले.

पण नुसत्या पावसाने समृद्धी येत असती तर आमचं कोकण केव्हाच कुबेर झालं असतं. तीन हजार मिलिमीटर पाऊस आणि घरोघरी मुंबईच्या मनिऑर्डरीची वाट. डोंगरउतारावरून पाणी धावत समुद्राला मिळतं हे एक कारण झालं. दुसरं कारण खोतीचं. कसणारा एक आणि पिकाचा मोठा वाटा नेणारा दुसरा, तर बांध घालायची, झाड लावायची उमेद कुणाला राहील? डॉ. आंबेडकरांनी 1937 मध्ये मुंबई विधिमंडळात खोतीविरुद्ध विधेयक आणलं, कायदा व्हायला 1949 उजाडलं. तोवर पिढ्या गिरणीत गेल्या. त्याच कोकणी माणसाने गिरणीच्या दमट खात्यात पाळ्या केल्या, तेव्हा त्याचा आळस कुठे गेला होता?

आता संस्कृती. हा शब्द मला अलीकडे जरा संशयास्पद वाटू लागला आहे. कारण आधी माणसं श्रीमंत होतात आणि मग त्यांची संस्कृती थोर असल्याचा शोध लागतो. जर्मनीच्या मॅक्स वेबरने शंभर वर्षांपूर्वी चीनमध्ये भांडवलशाही का वाढली नाही, याचं कारण कन्फ्यूशियसच्या विचारांत शोधलं. पुढे पूर्व आशियातले देश पुढे गेले, तेव्हा त्याचं श्रेयही कन्फ्यूशियसलाच दिलं गेलं! दोन्ही कोरियांची भाषा एक, पूर्वज एक, हवाही जवळपास तीच. तरी आज दोघांत जमीनअस्मानाचं अंतर आहे. असेमोग्लू, जॉन्सन आणि रॉबिन्सन यांना 2024 मध्ये अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं ते याच विचारासाठी, की देशाचे कायदे आणि व्यवस्था सर्वांना वाव देतात की मूठभरांना, यावर बरंच ठरतं.

मला हे पटतं, पण पुरतं नाही. हिवरे बाजारचं उदाहरण घ्या. पाऊस जेमतेम चारशे मिलिमीटर. पोपटराव पवार सरपंच झाल्यावर गावाने पाणी अडवलं, दरवर्षी पाण्याचा हिशेब मांडायला सुरुवात केली, ऊस आणि केळी लावायची नाही असं ठरवलं, शेतीसाठी बोअर बंद केल्या. कायदे तर शेजारच्या गावांनाही हेच होते. ग्रामसभेत बसून एकमेकांचं ऐकायची सवय, ही संस्कृतीच नाही का? फक्त ती रक्तातून आली नव्हती, बैठका घेऊन घेऊन लावलेली होती.

आणि आपल्या संस्कृतीचा एक दोष मात्र मला खरा वाटतो. हाताने काम करणाऱ्याला आपण खालचा मानतो. त्याच जिल्ह्यात 1950 मध्ये विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी प्रवरानगरचा सहकारी साखर कारखाना उभा केला. मोठंच काम. पुढे असे कारखाने राज्यभर झाले, ऊसवाला शेतकरी सभासद झाला, मालक झाला. ऊस तोडणारा सभासद झाला नाही. तो मुकादमाकडून उचल घेऊन येतो, नवराबायकोची जोडी मिळून एक 'कोयता' म्हणून मोजली जाते. उचल तो का घेतो? तर घरची शेती कोरडवाहू, पावसाने दगा दिला की हातात काही नसतं. म्हणजे हवामान आहेच, पण ते गरिबाच्या अंगात शिरून त्याला सुस्त करत नाही. ते त्याला पहाटे तीनला उठवून दुसऱ्याच्या उसात उभं करतं.

भाच्याला फोनवर हे सगळं ऐकवलं. ली क्वान यू यांनीही एसीला फार मोठा शोध मानलं होतं, सरकारी कचेऱ्यांत तो आधी बसवला होता, असं त्याने अभिमानाने सांगितलं. मी म्हटलं, ते खरंच आहे, पण ती उंच ऑफिसं बांधतं कोण? थोडा वेळ थांबून तो म्हणाला, "बांगलादेशी असतात बरेच. आपले तमिळही. उन्हातच."

तो मागच्या बाकावरचा मुलगा मार्चअखेर पट्टा संपल्यावर गाडीबरोबर गावी गेला, पुढच्या हंगामात आला नाही. जायच्या आधी एक घटक चाचणी झाली होती. इतर रिकाम्या जागा त्याने भरल्या होत्या, ती एक तशीच कोरी ठेवली होती. मी लाल पेनाने तिथे शून्य घातलं.