सातबाऱ्यावर पिवळं प्रश्नचिन्ह दिसतंय? मग डिजिटल सही खरी की खोटी?

हदगावच्या एखाद्या शेतकऱ्याने १५ रुपये भरून पोर्टलवरून डिजिटल सातबारा काढला आणि कॉम्प्युटरवर उघडला, तर सहीच्या जागी अनेकदा पिवळं प्रश्नचिन्ह दिसतं. सोबत लिहिलेलं असतं, 'व्हॅलिडिटी अननोन'. पीककर्जाच्या गडबडीत ते पाहून कुणाच्याही पोटात गोळा येईल. पण याचा अर्थ सातबारा बनावट आहे असा होत नाही.

डिजिटल सहीचा सातबारा राज्यात १ मे २०१८ पासून मिळू लागला. डिसेंबर २०२५ मध्ये महसूल विभागाने तलाठ्याच्या सही-शिक्क्याशिवायही तो ग्राह्य धरायला सांगितलं. म्हणजे आता सगळा भार या डिजिटल सहीवर आहे. ती तपासायची कशी, हे मात्र फारसं कुणी सांगत नाही.

डिजिटल सहीला दोन किल्ल्या लागतात. प्रायव्हेट की सही करणाऱ्याच्या डोंगलमध्ये बंद असते. फाइलचा एक गणिती ठसा काढून तो या किल्लीने बांधला जातो. तो तपासायला लागते पब्लिक की, आणि ती सातबाऱ्याच्या पीडीएफसोबतच येते. नंतर कुणी क्षेत्रातला एक आकडा जरी बदलला तरी ठसा जुळत नाही.

मग प्रश्नचिन्ह का? कारण सोबत आलेली पब्लिक की नक्की कुणाची, हे तुमच्या कॉम्प्युटरला माहीत नसतं. त्याची हमी प्रमाणन कंपनी देते आणि त्या कंपनीची हमी केंद्र सरकारचं 'सीसीए' कार्यालय देतं. माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० नुसार ही साखळी उभी आहे. सीसीएचं मूळ सर्टिफिकेट, म्हणजे त्यांची पब्लिक की, तुमच्या पीडीएफ रीडरच्या विश्वासू यादीत नसेल तर रीडर हात वर करतो.

इथेच खरी मेख आहे. सहीवर राइट क्लिक करा, 'ॲड टू ट्रस्टेड' दाबा, हिरवी टिक आली की काम झालं, असं सांगणारे व्हिडिओ ढिगाने सापडतात. ही सवय वाईट. कुठल्याही नावाचं सर्टिफिकेट घरबसल्या कुणालाही बनवता येतं. बनावट सातबाऱ्यावर हीच कृती केली तर त्यालाही हिरवी टिक येईल! म्हणून आधी सर्टिफिकेटची साखळी उघडा आणि सगळ्यात वरचं नाव 'सीसीए इंडिया' आहे का ते बघा. नावावरही थांबू नका. मूळ सर्टिफिकेट सीसीएच्या अधिकृत वेबसाइटवरून घ्या, फिंगरप्रिंट जुळवा. व्हॉट्सॲपवर कुणी पाठवलेली फाइल घेऊ नका.

पब्लिक की गुप्त ठेवायची नसते; ती वाटायचीच असते. फक्त ती खऱ्या माणसाची असावी लागते. (व्हॉट्सॲप हेच काम तुमच्या नकळत करतं. चॅटच्या एन्क्रिप्शन पानावरचा ६० अंकी क्रमांक समोरच्याशी जुळवून पाहता येतो.)

तुमची स्वतःची डिजिटल सही असेल आणि कुणी सर्टिफिकेट मागितलं, तर एक्स्पोर्ट करताना .सीईआर फाइल द्या. त्यात फक्त पब्लिक की असते. .पीएफएक्स फाइलमध्ये सहसा प्रायव्हेट कीसुद्धा जाते. ती देणं म्हणजे कोऱ्या कागदावर सही करून देणं. डोंगल आणि पिन दुसऱ्याकडे सोपवणंही तसंच. कायद्याच्या कलम ४२ नुसार प्रायव्हेट की सांभाळणं ही सहीधारकाची जबाबदारी आहे.

हिरवी टिक आली तरी त्यातून दोनच गोष्टी कळतात: सही कुणाच्या किल्लीने झाली आणि नंतर फाइल बदलली का. काल फेरफार झाला असेल तर जुन्या सातबाऱ्यावर तो दिसणार नाही, टिक मात्र हिरवीच राहील.

मोबाइलवरची बहुतेक पीडीएफ ॲप्स सही तपासतच नाहीत. प्रिंट काढली की टिक हे नुसतं चित्र उरतं. अशा वेळी सातबाऱ्यावर छापलेला पडताळणी क्रमांक पोर्टलवर टाका आणि समोर येणारा उतारा हातातल्या कागदाशी ओळीओळीने ताडून बघा.