पडद्यापुढे कोण बसले आहे?

आनंद पटवर्धन यांच्या अनुबोधपटांवर दोन प्रकारची माणसे अन्याय करतात. पहिली त्यांना 'प्रचारपट' म्हणून हिणवतात. दुसरी टाळ्या वाजवतात आणि घरी जातात.

पहिल्यांना उत्तर देणे अवघड नाही. प्रचारपटात निवेदकाचा आवाज चढा असतो आणि प्रतिपक्षाला तोंडच नसते. पटवर्धनांच्या पडद्यावर नेमके उलटे घडते. 'राम के नाम' (१९९२) मध्ये मंदिर आंदोलनाचे समर्थक मनसोक्त बोलतात, आणि त्यांचे बोलणेच त्यांच्याविरुद्धची साक्ष ठरते. उन्मादाला विरोध करणारा खणखणीत आवाज त्यात आहे तो रामजन्मभूमीचे पुजारी लालदास यांचा. १९९३ मध्ये त्यांची हत्या झाली. हा प्रचार असेल तर सरकारी दूरदर्शनला त्याचे एवढे भय का वाटावे? 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध' दाखविण्याचे टाळणाऱ्या दूरदर्शनशी झगडा थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि २००६ मध्ये निकाल दिग्दर्शकाच्या बाजूने लागला. 'जंग और अमन'ला सेन्सॉरने सुचविलेल्या काटछाटीविरुद्धही त्यांना उच्च न्यायालयात जावे लागले होते. निर्मात्याचा पैसा न घेणे हा स्वातंत्र्याचा सोपा भाग. खरी किंमत न्यायालयाच्या पायऱ्यांवर वर्षानुवर्षे मोजावी लागते.

अच्युतराव आणि रावसाहेब पटवर्धनांच्या या पुतण्याने आरंभ केला तोच जयप्रकाशांच्या बिहार आंदोलनापासून. 'क्रांति की तरंगें' तुटपुंज्या साधनांनी तयार झाला आणि आणीबाणीत लपूनछपून फिरला. पुढे 'हमारा शहर' (१९८५) मध्ये मुंबईच्या झोपडपट्ट्यांवर चालणारा बुलडोझर दिसला. त्या चित्रपटातला सर्वांत मोलाचा क्षण दिग्दर्शकाला अडचणीत टाकणारा आहे. बेघर झालेली एक स्त्री त्यालाच फटकारते: गरिबांची चित्रे काढून नाव तुमचे होणार, आमच्या हाती काय पडणार? संकलनाच्या टेबलावर हे कापून टाकणे सहज शक्य होते. ते कापलेले नाही.

अशीच फटकार फ्रान्समधील क्रिस मार्कर या स्वतंत्र बाण्याच्या दिग्दर्शकाला मिळाली होती. बेझांसाँ येथील गिरणीच्या १९६७ च्या संपावर त्याने मारिओ मारे यांच्यासह अनुबोधपट केला. कामगारांना तो दाखविला तेव्हा, ही आमच्याकडे बाहेरून पाहणारी दृष्टी आहे, असे त्यांनी रोखठोक सांगितले. मार्कर रुसला नाही. कॅमेरा कामगारांच्या हाती गेला, त्यांचा स्वतःचा गट उभा राहिला आणि त्यांनी स्वतःचे चित्रपट काढले.

महाराष्ट्रात 'हमारा शहर'मधल्या त्या स्त्रीला उत्तर कोणी दिले? पटवर्धनांनी आपल्यापरीने दिले. त्याच चित्रपटात गाणारे शाहीर विलास घोगरे यांनी जुलै १९९७ मध्ये, रमाबाई नगरातील गोळीबारात दहा जण मारले गेल्यानंतर चारच दिवसांनी, आत्महत्या केली. त्या मृत्यूचा माग घेत 'जय भीम कॉम्रेड' पुरा व्हायला चौदा वर्षे लागली, आणि तो चाळींतून, वस्त्यांतून दाखविला गेला. पण चौदा वर्षे एका विषयाशी इमान राखणारा माणूस एकटाच असावा, हा पुरोगामी चळवळीचा गौरव नव्हे. शिबिराच्या शेवटच्या सत्रात, जेवणाची घंटा वाजण्यापूर्वी, आधीच पटलेल्या चाळीस जणांपुढे चित्रफीत लावायची आणि 'सांस्कृतिक कार्यक्रम' झाला म्हणून अहवालात नोंद करायची, ही रूढी पडून गेली आहे. (चर्चेला वेळ उरत नाही, हेही त्या अहवालात ठरलेलेच असते.)

नागपुरात दीक्षाभूमीवर दरवर्षी लाखो लोक येतात. तेथून फार दूर नसलेल्या नंदनवनच्या झोपडपट्टीत 'हमारा शहर' दाखविण्यासाठी चित्रपटगृह लागत नाही. एक पांढरी चादर, उसना प्रोजेक्टर आणि विजेची एक तार पुरते. लागतो तो असा कार्यकर्ता, जो चित्रपट संपल्यावर सतरंजी गुंडाळण्याची घाई करणार नाही, वस्तीतली एखादी बाई उठून तोच जुना प्रश्न विचारू लागली तर खाली बसून तो ऐकेल आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तिच्या घरपट्टीच्या नोटिशीसाठी महापालिकेत तिच्याबरोबर जाईल.